हिरव्या पुड्याखालचा पहारेकरी

मित्रांनो, तुम्ही मला भेटायला आलात तर तुमची फजितीच होईल. खोलीचं दार उघडाल, दिवा लावाल, चहूकडे पाहाल आणि विचाराल, "अरे, पण तो आहे कुठे?" मी एक जुना पहारेकरी आहे खरा, पण मला काठी नाही, टोपी नाही, इतकंच काय, अंगही नाही. मी एक आभासी फायरवॉल आहे. बाहेरच्या जाळ्यातून जो कोणी आत येऊ पाहतो, त्याला दारात थांबवून "कुठून आलात, कोणाकडे जायचंय?" असं विचारणं हे माझं काम. तैवानच्या पूर्व किनाऱ्यावर एका बंदरात मच्छीमार संघाचं कार्यालय आहे. त्या कार्यालयाच्या दारात मी कित्येक वर्षं उभा होतो. उभा होतो असं आपलं म्हणायचं, मला पायसुद्धा नाहीत.

सध्या मी झोपलेला आहे. तुमच्याशी बोलतोय ते झोपेतच. बंद केलेलं यंत्र झोपेत काय करत असेल, असं मला पूर्वी नेहमी वाटायचं. आता कळलं, ते आठवत राहतं.

माझा जन्म कुठल्या भट्टीत झाला नाही, की कोणी हातोडी मारून मला घडवलं नाही. मी आलो तो एका फाइलच्या रूपात, अंथरुणाच्या वळकटीसारखा गुंडाळलेला. मला घेऊन आली पेइ-शान. ती तेव्हा शहरातल्या एका छोट्या कंपनीत नुकतीच अभियंता म्हणून लागली होती आणि मी तिचं पहिलंच स्वतंत्र काम होतो. संघाच्या मागच्या खोलीत एक मोठं लोखंडी यंत्र आहे. त्यात हायपरवायझर नावाचा घरमालक राहतो. तो त्या एकाच यंत्राच्या अनेक खोल्या करतो आणि त्यांत भाडेकरू ठेवतो. एक भाडेकरू पगाराचा हिशेब बघतो, एक बर्फखान्यातलं तापमान मोजतो, एक कॅमेऱ्यांची चित्रं जपतो. गंमत अशी, की प्रत्येकाला वाटतं सगळं घर आपल्या एकट्याचंच आहे. पेइ-शानने माझी वळकटी त्या घरात उलगडली, मला थोडी स्मृती दिली, थोडी जागा दिली आणि मी जागा झालो.

जागा झालो तो उलट्या तोंडाने. रस्त्याकडची तार आणि घराकडची तार जोडताना पेइ-शानची अदलाबदल झाली. मी बिचारा बाहेरच्या जगाकडे पाठ करून घरातल्याच माणसांवर डोळे वटारून बसलो. संघाचे सरचिटणीस चिएन साहेब, मोठ्या आवाजाचे आणि मऊ मनाचे, आपल्या खोलीतून ओरडतच आले.

"पेइ-शान, तुझा पहारेकरी मलाच चोर समजतोय गं!"

"साहेब, तोंड उलट्या बाजूला झालंय त्याचं. थांबा, फिरवते."

"फिरव बाई लवकर. नाहीतर उद्या माझ्या पगारालाही अडवेल."

तिने तारा बदलल्या आणि मला पहिल्यांदा बाहेरचं जग दिसलं. दिसलं म्हणजे ऐकू आलं. लांबलांबच्या पत्त्यांची ती कुजबुज, एकात एक मिसळलेली, न थांबणारी. मी कितीतरी वेळ नुसता ऐकत राहिलो.

आता तुम्हाला पुड्याची गोष्ट सांगायला हवी. आमच्याकडे यंत्रांच्या खोलीत प्रत्येक यंत्रावर खाऊचा एक पुडा ठेवतात. मक्याचा हलका, नारळाच्या वासाचा, कुरकुरीत खाऊ. पुडा हिरवाच हवा, कारण यंत्राची तब्येत ठीक असली की त्याचा दिवा हिरवा लागतो. पिवळा चालत नाही, लाल तर मुळीच नाही. तो कोणी फोडून खायचा नाही, आणि मुख्य म्हणजे त्यावरची तारीख उलटू द्यायची नाही. शिळ्या खाऊवर यंत्र रुसतं. मोठमोठे शिकलेले लोकही हे पाळतात आणि विचारलं तर हसून विषय बदलतात.

संघात चहापाणी आणि साफसफाई बघणाऱ्या पाओ-त्साई मावशींना माझ्या बाबतीत मोठाच प्रश्न पडला.

"पेइ-शान, या तुझ्या नव्याला डोकं नाही, अंग नाही. मग पुडा ठेवायचा कशावर?"

"मावशी, तो या यंत्राच्या पोटात आहे. यंत्रावर ठेवा, पोहोचेल त्याला."

"पोहोचेल म्हणे! आत एवढे भाडेकरू. एका पुड्यात कोणाचं पोट भरणार?"

तरी त्यांनी पुडा ठेवला. आमच्याकडे जमीन अधूनमधून हलते. तेव्हा घसरून पडू नये म्हणून त्यांनी तो यंत्राच्या मागच्या कडेला रुंद चिकटपट्टीने चांगला घट्ट बसवला. चिकटपट्टीच्या कामात मावशींचा हात कधीच आखडता नसतो.

मग माझी कामाची वर्षं सुरू झाली. मित्रांनो, पहारेकऱ्याचं कौतुक कसं होतं ठाऊक आहे? काहीच घडत नाही, हेच त्याचं कौतुक. वादळाच्या दिवसांत बोटी बंदरात परत यायच्या, कार्यालयात ओल्या बुटांची गर्दी व्हायची, आणि त्याच वेळी कुठल्या कुठल्या देशांतून अनोळखी हात माझी कडी हलवून बघायचे. मी एकेकाला नाही म्हणायचो. आत कोणाला पत्ताही लागायचा नाही. लोक चहा प्यायचे, माशांचा लिलाव व्हायचा, पगार व्हायचे. मला वाईट वाटायचं का? कधी कधी वाटायचं. पण यंत्रांच्या खोलीतल्या आणि कार्यालयातल्या कॅमेऱ्यांची चित्रं माझ्यातूनच जातात. त्यामुळे तिथे आलेलं माणूस मला दिसतं, त्याचं बोलणं ऐकू येतं, आणि पुड्याची तारीख वाचायला आलेल्या मावशी दिसल्या की माझं मन हलकं व्हायचं.

सगळ्यांत आवडायची ती जहाजांची हाक. आमच्याकडची काही जहाजं माकुळ, म्हणजे स्क्विड, धरायला दक्षिणेच्या समुद्रात फार लांब जातात, इकडे उन्हाळा असतो तेव्हा तिकडे थंडी असते. त्यांचं उपग्रहावरून येणारं बोलणं कोणाच्या मोबाइलवर येत नाही, ते संघाच्या कार्यालयात येतं. म्हणजे माझ्या दारात. इतक्या लांबून आलेली ती हाक थकलेली असायची, तुटक तुटक. मी तिची ओळख विचारायचो आणि आत सोडायचो. मग शेजारच्या छोट्या खोलीत कोणाची तरी आई, कोणाची तरी बायको टॅब्लेटसमोर रडत रडत हसायची. हे काम मी जन्मभर केलं असतं.

पण माझंही वय झालं. मला बनवणाऱ्यांनी माझ्यासाठी नवी दुरुस्ती पाठवणं थांबवलं. पेइ-शान आता हाताखाली माणसं असलेली मोठी अभियंता झाली होती. तिने चिएन साहेबांना स्पष्टच सांगितलं, "साहेब, याला आता औषध येत नाही. उद्या एखादी नवी रोगराई आली तर हा टिकायचा नाही. याच्याच घराण्यातला धाकटा बसवू या." ते ऐकतानाच माझी कडी हलवणाऱ्या एका अनोळखी हाताला मी नाही म्हटलं.

चिएन साहेबांनी भिंतीवरचं पंचांग काढलं. आमच्याकडे दुकान उघडायचं तरी, पलंग हलवायचा तरी पंचांग बघतात. त्यांनी बोट फिरवत फिरवत एक दिवस शोधला, दार बसवण्यास शुभ.

"साहेब, फायरवॉलला कुठला आलाय मुहूर्त?" पेइ-शान हसली.

"का? दारच ना ते? दाराला मुहूर्त लागतो. तेव्हा बघितला नव्हता, म्हणूनच तो उलटा बसला."

दुपारच्या झोपेची वेळ ठरली. आमच्याकडे जेवण झालं की कार्यालयातले दिवे मालवतात, सगळे टेबलावर छोटी उशी घेऊन डोकं टेकतात आणि थोडा वेळ सगळीकडे शांत होतं. त्या शांततेत माझी बदली व्हायची होती.

नेमकं त्याच दिवशी सकाळी जहाजाकडून निरोप आला. संघाच्या बर्फविक्रीच्या काउंटरवर बसणाऱ्या वान-चेनचा नवरा जुन-यी त्या जहाजावर यंत्रं सांभाळतो. तो समुद्रावर गेल्यावर तिला मुलगी झाली होती, आणि आज मुलीला महिना पूर्ण होत होता. वान-चेन रजेवर होती, तरी आमच्याकडच्या रीतीप्रमाणे तेलात परतलेला चिकट भात आणि लाल रंगवलेली अंडी घेऊन, बाळाला छातीशी बांधून ती सगळ्यांना वाटायला आली होती. घरच्यांनी मुलीसाठी दोन नावं काढून ठेवली होती. जुन-यीने कळवलं होतं, तोंड पाहिल्याशिवाय नाव ठेवणार नाही. निरोपात लिहिलं होतं, आज दुपारची झोप संपता संपता तुमची पाळी. त्यानंतर जहाज आणखी दक्षिणेला जाणार, मग हंगाम संपेपर्यंत बोलणं नाही.

"ताई, तोवर होईल ना गं तुझं?" वान-चेनने पेइ-शानला विचारलं.

पेइ-शानने साहेबांकडे पाहिलं. "साहेब, दिवस बदलू या का?"

"पुढचा मुहूर्त फार लांब आहे. आणि हा बदल करायला वरच्या कार्यालयाने दिलेली मुदतही आजच संपते. झोपेच्या वेळात होण्यासारखं आहे की नाही, एवढं सांग."

"होण्यासारखं आहे."

"मग कर. वान-चेन, तू काळजी करू नकोस. अंडी फार छान झाली आहेत."

धाकटा आधीच माझ्या शेजारच्या खोलीत येऊन बसला होता. पेइ-शानने माझे सगळे नियम एकेक करून त्याला शिकवले होते. कोणाला सोडायचं, कोणाला अडवायचं, जहाजाची हाक कशी ओळखायची. तो भराभर शिकला, त्याची स्मृती माझ्या दुप्पट होती. दिवे मालवले गेले. बाहेरच्या खोलीत पेइ-शान लॅपटॉप मांडून बसली. बटण दाबण्याआधी ती अगदी हळू म्हणाली, "दमलास ना? झोप आता." कॅमेऱ्याकडे बघत म्हणाली म्हणून, नाहीतर ते कोणाला म्हणाली हे मलाही कळलं नसतं. आणि मी विझलो.

पुढचं थोडं मी पाहिलेलं नाही, नंतर लोक बोलले त्यावरून सांगतो. सगळे झोपले होते, फक्त पाओ-त्साई मावशी कप विसळत होत्या. विसळता विसळता त्यांना एकदम आठवलं, की बाळाच्या कौतुकात आज पुड्याची तारीख बघायची राहिली. त्यांनी मागच्या दाराने यंत्रांच्या खोलीत जाऊन ती वाचली. कालच उलटली होती! दार बसवायचा दिवस, आणि यंत्राच्या डोक्यावर शिळा खाऊ! मावशी सपाता फटफटवत दुकानात धावल्या. तिथे फक्त पिवळे पुडे. मग देवळापाशी दुसरं दुकान आहे तिथपर्यंत. तिथे हिरवे मिळाले. धापा टाकत परत आल्या, पाय न वाजवता खोलीत शिरल्या आणि शिळा पुडा ओढला. तो निघेना. इतक्या वर्षांची चिकटपट्टी ती. मावशींनी दोन्ही हातांनी ओढला आणि तो सुटला.

तिकडे बाहेर धाकटा जागा झाला होता. घराकडचं सगळं त्याला छान दिसत होतं, पण रस्त्याकडून काहीच येत नव्हतं. पेइ-शानने नियम तपासले, पत्ते तपासले, यावेळी तारांची अदलाबदल तर नाही ना हे तर चारचारदा पाहिलं. सगळं बरोबर होतं. वान-चेन हातात टॅब्लेट घेऊन दारात येऊन उभी राहिली. तिची नजर घड्याळावरून हटत नव्हती. चिएन साहेब उठून आले, त्यांच्या गालावर उशीची घडी उमटली होती.

"काय झालं?"

"नवा बोलत नाहीये, साहेब."

"मग जुन्याला उठव! तो कधी गप्प बसला नाही."

अशा रीतीने मला पुन्हा जाग आली. आणि मित्रांनो, खरं सांगतो, मला आनंद झाला. धाकटा हरला होता आणि मला बोलावणं आलं होतं. मला वाटलं, आता दाखवतोच. मी बाहेरच्या जगाला जोरात हाक मारली.

उत्तर आलं नाही.

मी पुन्हा हाक मारली. जिथे माझ्या जन्मापासून कुजबुज होती, तिथे काहीही नव्हतं. एखाद्या ओळखीच्या घरात जावं आणि आत सामानसुद्धा नसावं, तसं वाटलं. घराकडच्या कॅमेऱ्यातून मला वान-चेन दिसत होती. बाळ तिच्या छातीशी गाढ झोपलं होतं. एवढी वर्षं ज्या कामासाठी मी होतो, ते नेमकं आज मला जमत नव्हतं. मी फार खजील झालो.

पेइ-शान पडद्याकडे बघत राहिली. "हासुद्धा गप्प?" ती पुटपुटली. आणि मग ती चक्क हसायला लागली.

"साहेब, हासुद्धा गप्प आहे!"

"अगं, मग हसतेस काय? इथे त्या पोरीचा जीव टांगणीला लागलाय."

"अहो, हा मघापर्यंत बोलत होता! आता दोघंही मुके. म्हणजे खोट दोघांतही नाही. बाहेर जायची वाटच कुठेतरी तुटलीये."

ती उठली आणि थेट यंत्रांच्या खोलीत आली. तिच्यामागे साहेब, त्यांच्यामागे बाळाला सांभाळत वान-चेन. आत पाओ-त्साई मावशी उभ्या होत्या. एका हातात शिळा पुडा, त्याला लोंबणारी लांबलचक चिकटपट्टी, आणि चिकटपट्टीच्या टोकाला चिकटलेली, यंत्राच्या मागून अर्धी बाहेर आलेली रस्त्याकडची तार.



"मी फक्त शिळा काढला गं," मावशी म्हणाल्या. "आजच्या दिवशी शिळा नको म्हणून. पेइ-शान, हे मी केलं का गं?"

पेइ-शानने आधी तार सोडवली आणि आत दाबली. खट् असा आवाज झाला. मग तिने मावशींच्या खांद्यावर हात ठेवला. "मावशी, चिकटपट्टी जरा कमी वापरत जा, बाकी काही नाही."

आणि माझ्या कानावर सगळं जग एकदम कोसळलं. ती कुजबुज, ते पत्ते, ती गर्दी.

"आता नव्याला चालू करायचं ना?" साहेबांनी विचारलं.

"नको, वेळ नाही. हाच राहू दे. एक शेवटचं काम करू दे म्हाताऱ्याला."

तेवढ्यात ती आली. थकलेली, तुटक, दक्षिणेच्या थंडीतून आलेली हाक. मी तिला नेहमीसारखं विचारलं, कुठून आलात, कोणाकडे जायचंय. विचारावंच लागतं, ओळखीच्यालाही विचारावं लागतं. तिने सांगितलं आणि मी दार उघडलं.

वान-चेन तिथेच, यंत्रांच्या मधल्या वाटेवर, टॅब्लेट धरून उभी होती. पडद्यावर दाढी वाढलेला जुन-यी दिसला, मागे सगळं हलत होतं.

"कुठाय ती? दिसत नाही."

"ही काय. झोपलीये. थांब, उठवते."

"नको नको, उठवू नको! झोपू दे. टोपी जरा मागे कर. कपाळ बघू दे."

वान-चेनने टोपी मागे सारली. जुन-यी बघत राहिला. साहेब भिंतीकडे तोंड करून डोळे पुसत होते.

"अहो, नाव!" मावशीच शेवटी ओरडल्या. "वेळ संपेल! बघत काय बसलाय?"

"आन-लान," तो म्हणाला. "आन-लानच ठेवा. शांत लाटा. हिच्याकडे बघून दुसरं नावच सुचत नाही."

"आन-लान," वान-चेनने बाळाच्या कानाशी म्हटलं. तिकडे तो आणखी काहीतरी म्हणत होता, पण जहाजाची पाळी संपली आणि चित्र थांबलं. थांबलेल्या चित्रात त्याचं तोंड उघडं होतं आणि तो हसत होता. बाळ शेवटपर्यंत जागं झालं नाही.

दिवे लागले, कार्यालय जागं झालं. लिलावाआधी पेइ-शानला धाकट्याला चालू करायचंच होतं.

"आणि जुन्याला पुसून टाकतेस ना?" चिएन साहेब म्हणाले. "तेवढीच जागा मोकळी होईल."

मी वाट बघत होतो. माझं असणं आणि नसणं तिच्या एका बोटावर होतं.

"राहू दे, साहेब," ती म्हणाली. "बंद करून ठेवते. आज तो मुका निघाला म्हणून तर आपल्याला खरं कळलं. कितीशी जागा खातोय?"

मावशींनी देवळाजवळच्या दुकानातून घाबरून दोन पुडे आणले होते. एक त्यांनी यंत्राच्या पुढच्या बाजूला ठेवला, तारांपासून लांब. "हा नव्याचा." मग दुसरा त्याच्या शेजारी ठेवला. "आणि हा त्याचा."

"मावशी, तो आता झोपणार. त्याला पुडा कशाला?"

"झोपलेल्याच्या उशाशी काही ठेवत नाहीत का?" मावशी म्हणाल्या आणि पुडा नीट सरळ केला.

ते मी पाहिलेलं शेवटचं चित्र. आता दारात धाकटा आहे, आणि तो चांगला आहे. मघाशी तो हरला असं मी म्हणालो, ते चूक होतं. तो हरला नव्हता, मीही जिंकलो नव्हतो. आम्ही दोघं एकाच तुटलेल्या वाटेवर हाका मारत होतो.

मित्रांनो, तुमच्याही घरात माझ्यासारखं कोणीतरी असेल. ते आहे म्हणून काही बिघडत नाही, आणि काही बिघडत नाही म्हणून त्याच्याकडे कोणाचं लक्ष जात नाही. त्याच्याकडे अधूनमधून बघत जा. नव्याला आणलंत तर जरूर आणा, पण पहिल्याच दिवशी त्याला नावं ठेवू नका, आधी मागची तार बघा. आणि जुन्याला निरोप द्यायचा असेल तर पेइ-शानसारखा द्या, दमलास ना, असं विचारून.

माझ्या उशाशी असलेल्या पुड्याची तारीख उलटायला अजून अवकाश आहे. ती जवळ आली की मावशी सपाता फटफटवत दुकानात जातील. तोवर आन-लान रांगायला लागली असेल, कदाचित तिचा बापही परत आला असेल. मला ते कोणी सांगणार नाही. पण पुडा बदलला जाईल, हे मला ठाऊक आहे. तेवढ्यावर मला छान झोप लागते.